काळाच्या खोगिरावर बसलेला माणूस

वाचकहो, रैवत ककुद्मी राजाची गोष्ट तुम्ही कधीतरी कीर्तनात ऐकली असेल. मुलगी रेवती उपवर झाली, तेव्हा तिच्यासाठी कोणता वर बरा हे विचारायला राजा तिला घेऊन थेट ब्रह्मदेवाकडे गेला. तिथे गाणे चालले होते, म्हणून बापलेक थोडा वेळ थांबले. गाणे संपल्यावर राजाने मनातली स्थळे सांगितली, तर ब्रह्मदेव हसायलाच लागला. म्हणाला, राजा, तू इथे थांबलास तेवढ्यात पृथ्वीवर सत्तावीस चौकड्या युगे उलटली. तुझी स्थळे गेली आणि त्यांच्या नातवंडा-पणतवंडांची नावेही उरली नाहीत. शेवटी रेवती दिली ती बलरामाला, म्हणजे आपल्या नांगरधाऱ्याला. भागवतात ही कथा आहे. स्थळ पाहायला गेलेल्या बापाला इतका उशीर दुसऱ्या कुठल्या गोष्टीत झाला नसेल!

आता या गोष्टीत राजाने स्वतः काही केले नाही. तो बसून राहिला आणि काळ त्याच्या पाठीमागून निघून गेला. आज ज्याची हकीकत सांगायची आहे, त्या माणसाने मात्र काळाला मुद्दाम हात घातला. निकेल, हस्तिदंत, आबनूस आणि स्फटिक यांचे एक यंत्र त्याने आपल्या हाताने जुळवले, त्यावर खोगीर बसवले, मांड ठोकली आणि दांडा ओढला. हा माणूस प्रत्यक्षात कधी जन्माला आला नाही. तो एका इंग्रजी कादंबरीत राहतो. 'द टाइम मशीन' हे तिचे नाव, लेखक एच. जी. वेल्स, साल १८९५. गंमत अशी, की साऱ्या पुस्तकात या शोधकाला नावच दिलेले नाही. लेखक त्याला नुसते 'कालप्रवासी' म्हणतो. आपणही तेच म्हणू.

तुम्ही म्हणाल, परक्या मुलखातल्या या कल्पित माणसाशी आम्हा शेतकऱ्यांचे काय देणेघेणे? थोडा धीर धरा. या माणसाने आठ लाख वर्षांपुढे जाऊन जे पाहिले, त्यात शेत आहे, तण आहे, गुरे आहेत, आणि कोणी राबावे व कोणी खावे हा जुनाच प्रश्नही आहे.

आधी कर्त्याविषयी

शोधक समजून घ्यायचा तर ज्याने त्याला घडवला त्या वेल्सचे घर पाहावे लागते. वेल्स २१ सप्टेंबर १८६६ रोजी लंडनजवळच्या ब्रॉमली गावी जन्मला. बापाचे चिनी मातीच्या भांड्यांचे छोटेसे दुकान होते, ते कधी धड चालले नाही. बाप क्रिकेट मात्र उत्तम खेळायचा. केंट परगण्याकडून खेळताना १८६२ साली त्याने लागोपाठ चार चेंडूंवर चार गडी बाद केले होते. पुढे पाय मोडला आणि खेळातली मिळकतही बंद झाली. मग आईने कंबर कसली. ती अपपार्क नावाच्या एका मोठ्या जमीनदारी वाड्यात घरव्यवस्था पाहणारी म्हणून नोकरीला राहिली.

या वाड्याची रचना ध्यानात ठेवा. मालक मंडळी वर, उजेडात. नोकरचाकर खाली, तळघरात. स्वयंपाकघर आणि तबेला मुख्य वाड्यापासून वेगळे होते आणि तिथून वाड्यात यायला जमिनीखालून भुयारे काढलेली होती. गरम जेवणाची ताटे भुयारातून यायची. धन्याला ताट दिसे. ते आणणारा माणूस किती अंधारातून चालत आला हे दिसत नसे. पोरगा वेल्स आईकडे येई तेव्हा या तळघरात राही, आणि संधी मिळाली की वरच्या ग्रंथसंग्रहातली पुस्तके वाची. वरचे जग आणि खालचे जग अशी दोन्ही त्याने लहानपणीच पाहिली.

त्याला कापडाच्या दुकानात उमेदवारीला घातले. दिवसाला बारा-तेरा तास उभे राहून कापड फाडायचे. तो तिथून सुटला, शाळेत शिकवू लागला, आणि १८८४ साली शिष्यवृत्ती मिळवून लंडनच्या विज्ञान महाविद्यालयात दाखल झाला. तिथे त्याला जीवशास्त्र शिकवायला होते थॉमस हक्सली. डार्विनचा उत्क्रांतीचा विचार लोकांपुढे भांडून मांडणारा हा गुरू. माणूस आज जसा आहे तसाच सदैव राहणार नाही, परिस्थिती त्याला घडवते तशी मोडतेही, ही गोष्ट वेल्सने तिथे घेतली.

कालयंत्राची पहिली गोष्ट त्याने १८८८ साली कॉलेजच्या मासिकात लिहिली. तिच्यातला शोधक डॉक्टर नेबोगिप्फेल. तो वेल्समधल्या एका खेड्यात येतो, ओसाड घरात राहतो, रात्रभर आत काहीतरी ठोकत बसतो. गावकऱ्यांना वाटते हा चेटूक करतो आहे. एके रात्री सगळे मिळून घरावर चालून जातात, तर शोधक यंत्रासकट नाहीसा! गोष्ट अर्धवटच राहिली. वेल्सने ती पुन:पुन्हा मोडली, जुळवली, आणि सात वर्षांनी त्यातून ही कादंबरी निघाली. पहिल्या पेरणीला न उगवलेले शेत पुन्हा पेरावे, तसेच हे.

यंत्र आणि त्याची स्वारी

कालप्रवासी लंडनजवळ रिचमंडला राहतो. दर गुरुवारी त्याच्या घरी चार जाणती माणसे जेवायला जमतात. कोणी डॉक्टर, कोणी संपादक. त्यांना तो समजावतो, की कोणत्याही वस्तूला लांबी, रुंदी आणि उंची असते, तशीच चौथी बाजू काळाची असते. तुम्हाला ही गोष्ट अवघड वाटायचे कारण नाही. शेजाऱ्याला तुम्ही सांगता, 'वरच्या शिवारात, पूर्वेच्या बांधावर, माचणावर भेट.' तिन्ही बाजू सांगितल्या, पण 'उद्या दिवस उगवायला' हे सांगितले नाही तर भेट व्हायची नाही. मग लांबीत आणि रुंदीत आपण पुढे-मागे चालतो, उंचीवर शिडी लावून चढतो, तर काळातच तेवढे का हिंडू नये? एवढाच त्याचा सवाल.

यंत्राला दोन दांडे. समोर तबकड्या : एक दिवस मोजणारी, एक हजार दिवसांची, एक दहा लाखांची. तो दांडा ओढतो. घरकाम पाहणारी बाई खोलीत येते आणि दारापर्यंत जाते, पण त्याला ती बाणासारखी सुसाट गेलेली दिसते. मग दिवस-रात्र उघडझाप करू लागतात, सूर्याचा नुसता पट्टा होतो, झाडे वाफेसारखी वर येऊन विरतात. परत येताना तीच बाई त्याला उलटी, पाठमोरी चालत बाहेर जाताना दिसते. वाचून हसू येते, पण लेखकाने हिशेब किती चोख ठेवला आहे बघा.

तो थांबतो तेव्हा तबकडीवर साल असते इसवी सन ८,०२,७०१.

बिनतणाचे शिवार

आता शेतकऱ्याने कान द्यावा असा भाग. त्या जगात तण नाही. बुरशी नाही. चिलटे-डास नाहीत. रोगराई नाही. जिकडे तिकडे गोड फळांची झाडे आणि सुंदर फुले. कालप्रवाशाला प्रथम वाटते, माणसाने निसर्गावर अखेरचा विजय मिळवला. खुरपणी नको, फवारणी नको, राखण नको. आपल्या घरातल्या बायांना, ज्यांची कंबर निंदणीने वाकलेली असते, त्यांना विचारले तर त्या म्हणतील, हाच तर स्वर्ग!

पण पुढे त्याच्या लक्षात येते की शेतही नाही. नांगरलेली जमीन नाही, पेरणी नाही, कापणी नाही. बैल नाही, घोडा नाही, मेंढी नाही, कुत्रादेखील नाही. ती सारी जनावरे पृथ्वीवरून नाहीशी झाली आहेत. आणि माणसे? चार फूट उंचीची, गोरीगोमटी, नाजूक, लहान मुलांसारखी. त्यांना एलॉय म्हणतात. दिवसभर फुले माळायची, गाणी म्हणायची, पडक्या महालांत बसून फळे खायची. थोडे काही शिकवू लागले की पाचच मिनिटांत कंटाळायचे.

एक दिवस त्यांच्यातली एक मुलगी नदीत वाहून जाऊ लागते. काठावर तिची माणसे असतात, पण एकही हात पुढे करीत नाही. कालप्रवासी उडी टाकून तिला काढतो. वीना तिचे नाव. ती त्याला फुलांचा हार आणून देते आणि मग सावलीसारखी त्याच्या मागे फिरते. मला विचाराल तर या पुस्तकातले सगळ्यात भयंकर चित्र पुढच्या राक्षसांचे नाही. बुडत्या पोरीकडे बघत स्वस्थ उभ्या राहिलेल्या माणसांचे आहे. त्यांना दुष्ट म्हणता येत नाही. कधी काही करावेच लागले नाही, म्हणून करायचे असते हेच ती विसरली आहेत.

या लोकांच्या अंगावर चांगले कपडे आहेत, पायात वहाणा आहेत. पण विणकर कुठे? चांभार कुठे? दुकान नाही, माग नाही, भट्टी नाही. मग हे येते कुठून?

शिवारात जागोजाग विहिरी असतात, वर छत्री असलेल्या. त्यांत पाणी नसते. कागदाचा कपटा टाकला तर तो तरंगत न जाता झपकन आत ओढला जातो, आणि खालून धाड धाड असा यंत्रांचा आवाज येतो. कालप्रवासी आतल्या खुंट्यांना धरून खाली उतरतो. तिथे राहतात मॉर्लॉक : पांढुरके, वटवाघळासारखे उजेडाला भिणारे, डोळे मोठे. हीसुद्धा माणसांचीच अवलाद. पिढ्यान्‌पिढ्या जमिनीखाली राबता राबता अशी झालेली. वरच्यांचे कपडे आणि वहाणा तेच करतात.

खाली एका मेजावर त्याला मांसाचा मोठा तुकडा दिसतो. तो चक्रावतो. गुरे तर केव्हाच संपली, मग हे मांस कोणाचे? वाचकहो, उत्तर तुमच्या लक्षात आले असेल. वरचे एलॉय म्हणजे खालच्यांनी पाळलेले, चारलेले कळप. मालक-चाकराचे नाते कधीकाळी होते; सवय म्हणून चाकरी उरली, पण मालकी फिरली. अंधाऱ्या रात्री एलॉय एकमेकांना चिकटून झोपतात, ते का, हे तेव्हा उमगते.

वेल्सने हे हवेतून काढले नाही. १८६३ पासून लंडनमध्ये जमिनीखालून आगगाडी धावत होती, तळघरांत कारखाने होते, आणि अपपार्कचे भुयार तर त्याने पाहिलेलेच होते. काम डोळ्यांआड ढकलले की काम करणाराही डोळ्यांआड जातो. हे त्याने आठ लाख वर्षे लांबवून दाखवले, इतकेच.

आपण मात्र हे वाचून लगेच शहराकडे बोट दाखवू नये. तांदूळ झाडाला लागतो असे समजणारी मुले शहरात निघतात खरी. पण आपल्याही घरात किती वस्तू अशा आहेत, की बंद पडल्या तर आपण नुसते बघत राहतो? मोटारीचा स्टार्टर, ट्रॅक्टर, पिशवीतले संकरित बी. ज्या घरात आजीने राख लावून बियाणे गाडग्यात ठेवलेले असे, त्या घरात आज ते कसे ठेवतात हे सुनेला ठाऊक नाही, कारण शिकायची वेळच आली नाही. एलॉय व्हायला आठ लाख वर्षे लागतातच असे नाही.

हुशार शोधक, पण कच्चा प्रवासी

या शोधकाचे मला एका गोष्टीसाठी कौतुक वाटते. पहिल्याच दिवशी यंत्रावरून उतरताना त्याने दोन्ही दांडे काढून खिशात घातले. आपण इंजिनाचे हँडल काढून घरी आणतो ना, तसे. म्हणून मॉर्लॉकांनी यंत्र चोरून एका मोठ्या पुतळ्याच्या ओट्यात कोंडले, तरी त्यांना ते चालवता आले नाही.

बाकी तयारी मात्र शून्य. एवढ्या लांबच्या प्रवासाला निघाला तो औषध नाही, शस्त्र नाही, कॅमेरा नाही, पुरेशा काड्या नाहीत. बाजाराला निघालेली आपली बाई याहून जास्त सामान घेते! काड्या तर त्याने एलॉयांच्या करमणुकीसाठी उगाच ओढून संपवल्या. पुढे एका पडक्या संग्रहालयात पुस्तकांच्या चिंध्या लोंबत होत्या आणि सारे ज्ञान कुजून गेले होते. तिथे त्याला उपयोगाचे सापडले काय, तर एक काडेपेटी, थोडा कापूर आणि गंजक्या यंत्राचा मोडून घेतलेला दांडा. परतताना रात्री रानात मॉर्लॉकांनी घेरले. त्याने पेटवलेल्या आगीने रान पेटले, आणि त्या धुराच्या लोटांत वीना हरवली, ती कायमची.

यंत्र हाती लागले तेव्हा त्याला एक नवल दिसले. मॉर्लॉकांनी ते पुसून, तेल घालून ठेवले होते. हे कशासाठी आहे हे त्यांना कळले नव्हते, पण यंत्र दिसले की त्याला तेल द्यायचे ही हाताची सवय लाखो वर्षांत सुटली नव्हती. ज्यांना आपण राक्षस म्हणालो, त्यांच्याच हातात कारागिरी उरली होती. लेखक ही गोष्ट एका ओळीत सांगून पुढे जातो. मी ते पान पुन्हा काढून वाचले.

तिथून तो आणखी पुढे, तीन कोटी वर्षांपलीकडे जातो. समुद्रकाठ, लाल मंद सूर्य, थंडी, आणि माणसाचा मागमूस नाही. इथे एक दुरुस्ती सांगायला हवी. वेल्सच्या काळी शास्त्रज्ञांना वाटे की सूर्याचे जळण काही कोटी वर्षांतच संपेल, कारण अणूतल्या शक्तीचा पत्ता तेव्हा लागला नव्हता. आजच्या हिशेबाने सूर्य आणखी सुमारे पाचशे कोटी वर्षे तापत राहील. तेव्हा त्या बाबतीत निश्चिंत असा.

परत येतो तो धुळीने माखलेला, लंगडत, पायांत नुसते रक्ताळलेले मोजे. जेवायला बसलेल्या पाहुण्यांना तो पहिली गोष्ट सांगतो ती ही, की माझ्यासाठी थोडे मटण ठेवा. आठ दिवस नुसत्या फळांवर काढले होते बिचाऱ्याने.

मागे काय राहिले

कालयंत्र हा शब्दच या पुस्तकाने रूढ केला. त्यानंतर काळात फिरणाऱ्यांची रीघ लागली. इंग्लंडात 'डॉक्टर हू' ही दूरदर्शन मालिका १९६३ साली सुरू झाली. १९८५ च्या 'बॅक टू द फ्यूचर' या अमेरिकन चित्रपटात डॉक्टर ब्राऊन नावाच्या विक्षिप्त शोधकाने चक्क मोटारीचेच कालयंत्र केले. आपल्याकडे जयंत नारळीकरांनी 'गंगाधरपंतांचे पानिपत' लिहिले. त्यात खोगीर नाही की दांडे नाहीत. इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत एका अपघातात वेगळ्याच काळाच्या वाटेवर जाऊन पडतात, जिथे पानिपतावर विश्वासरावांना गोळी चाटून गेली आणि मराठे जिंकले. नारळीकर २० मे २०२५ रोजी पुण्यात निवर्तले. मराठी मुलांना काळाचे कोडे गोष्टीतून घालणारा एवढा मोठा शास्त्रज्ञ आपल्या भाषेत लिहीत होता, हे आपले भाग्यच.

आणि खरोखरीचे काय? कादंबरीनंतर दहाच वर्षांनी, १९०५ साली, आइन्स्टाइनने सिद्ध केले की काळ सर्वांसाठी एकाच चालीने धावत नाही. जो वेगाने जातो त्याचे घड्याळ मंद चालते. १९७१ साली हाफेले आणि कीटिंग या दोघा शास्त्रज्ञांनी अतिशय अचूक घड्याळे विमानातून पृथ्वीभोवती फिरवली. जमिनीवरच्या घड्याळाशी फरक पडला, सेकंदाच्या काही कोट्यांश भागांचा का होईना, पण पडला. रशियाचे अंतराळवीर क्रिकालेव्ह आयुष्यात एकूण ८०३ दिवस अवकाशात राहिले. ते आपल्यापेक्षा सेकंदाच्या सुमारे पन्नासाव्या भागाने पुढे गेले आहेत. रैवत राजाचीच जात, पण फार छोट्या मापाची. मागे जाण्याचा मार्ग मात्र कोणालाही सापडलेला नाही.

हा फरक तुमच्या खिशातही आहे. मोबाईलवर तुम्ही रस्ता बघता किंवा बांधाची लांबी मोजता, ते सुमारे वीस हजार किलोमीटर उंचीवरच्या उपग्रहांच्या घड्याळांवर चालते. ती घड्याळे आपल्या घड्याळांपेक्षा दिवसाला सेकंदाच्या ३८ दशलक्षांश भागाने पुढे पळतात. तेवढी दुरुस्ती आधीच करून ठेवलेली असते. ती नसती तर एका दिवसात ठिकाण सुमारे दहा किलोमीटरांनी चुकले असते, आणि तुमचे वावर मोबाईलवर भलत्याच गावच्या शिवारात गेले असते. भाऊबंदकी काय थोडी आहे, त्यात ही भर!

आता राहिला शोधक. दुसऱ्या दिवशी तो कॅमेरा आणि पिशवी घेऊन पुन्हा निघाला. मित्राला म्हणाला, अर्धा तास थांब, पुरावा घेऊन येतो. मित्राने दार उघडले तर खोलीत धूळ भिरभिरत होती, यंत्र नव्हते. गोष्ट सांगताना तो मित्र म्हणतो, याला तीन वर्षे झाली.

त्याआधी, गोष्ट सांगून झाल्यावर, कालप्रवाशाने खिशातून दोन कोमेजलेली पांढरी फुले काढून टेबलावर ठेवली होती. वीनाने त्याच्या खिशात कधीतरी खोचलेली. डॉक्टरने ती उचलून दिव्याजवळ धरली, आतले केसर निरखले, आणि म्हणाला, ही कोणत्या कुळातली हे मला ओळखता येत नाही, घरी नेऊ का? कालप्रवासी आधी थबकला, मग म्हणाला, नाही, मुळीच नाही. ती फुले पुढे त्या मित्रापाशी राहिली, वाळून तपकिरी आणि चपटी झालेली.